खाऊचोर

"धर! पाय धर आबासना! चोट्टी कथानी!"

आईनं माझी मान मागून पकडली होती आणि ती मला खाली दाबत होती. समोर आबांचे पाय होते. स्वच्छ, धुतलेले, नखं कापलेली. ओट्यावर पंधरा-वीस पोरी उभ्या होत्या, त्यांच्या हातात टिपऱ्या होत्या. बाया पदर तोंडाशी धरून हसत होत्या. मी तिसरीत होते. माझं कपाळ त्या पायांना लागलं तेव्हा आबांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "मारू नका पोरीला. लहान आहे. मी माफ केलं."

सगळं गाव गहिवरलं. काय माणूस! पोरीनं घरात चोरी केली तरी वर माफ करतो!

चोरी कसली, तर खाऊची. ती चोरी मी केली नव्हती. खरा चोर ओट्यावरच बसलेला होता, खादीची टोपी घालून, आरामखुर्चीत. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ना, त्यातला प्रकार. फक्त इथे संन्यासी आठ वर्षांची होती आणि फाशी द्यायला तिची आई होती.

आमचं गाव धुळे-जळगाव रस्त्यावर, एरंडोलच्या अलीकडे. भादव्याची पुनव झाली की आमच्याकडे पोरी गुलाबाई बसवतात. मातीची गुलाबाई, मातीचे गुलोजी, मांडीवर बाळ. कोजागिरीपर्यंत महिनाभर रोज दिवेलागणीला पोरींचा घोळका घरोघर जातो, टिपऱ्या वाजवत गाणी म्हणतो. गाणी झाली की त्या घरचा खाऊ. पण खाऊ फुकट मिळत नाही. बंद डब्यात असतो. डबा हलवायचा, आवाज ऐकायचा, विचारायचं गोड की तिखट, भाजलेला की तळलेला, आणि ओळखायचा. फुटाणे, शेव, मुरमुरे, गूळ-शेंगदाणे. गरिबाच्या घरी ओळखायला वेळ लागत नसे, कारण दुसरं काही असण्याची शक्यताच नव्हती.

आबांच्या घरी मात्र कोणालाच ओळखता यायचं नाही. त्यांच्याकडे पोरगी नव्हती, नात नव्हती, तरी ते दरवर्षी गुलाबाई बसवायचे. पोरीबाळींची हौस, म्हणायचे लोक. आबा शाळा कमिटीचे चेअरमन. भजनी मंडळाचे मुख्य. गावात भांडण झालं की निवाडा त्यांच्या ओट्यावर. माझा बाप त्यांच्याकडे सालदार होता, म्हणजे वर्षाच्या बोलीवर राबणारा गडी. आमचं घर, आमचं पोट, आमची मान, सगळं त्या ओट्याच्या खाली. डबा ते स्वतः भरायचे. खाऊ मुंबईहून मागवलेला असायचा आणि त्याच्याभोवती फडकं गुंडाळलेलं असायचं, म्हणजे डबा हलवला तरी आवाज येऊ नये. मग आबा हाक मारायचे, "डबा जड आहे, एकीनं आत या गं न्यायला." कोणी यायचं ते आबा स्वतः बोट दाखवून सांगायचे.

त्या वर्षी बोट माझ्याकडे होतं. मला इतका आनंद झाला होता की मी टिपऱ्या तिथेच टाकून पळत आत गेले.

माजघराच्या पलीकडे कोठीची खोली होती. धान्याची पोती, तेलाचे डबे, एक लाकडी फडताळ. त्या खोलीत जे झालं ते मी इथे लिहिणार नाही. ज्यांना त्याचा तपशील हवा असतो ते कोण असतात ते मला आता ठाऊक आहे. नर्सची नोकरी करून मी तोंड बघून ओळखते, कोणाला दुःख समजून घ्यायचं आहे आणि कोणाला चघळायचं आहे. एवढंच लिहिते की शेवटी आबांनी माझा तळहात उघडला, त्यावर एक मऊ, केशरी, सुरकुतलेली वस्तू ठेवली आणि म्हणाले, "याला जर्दाळू म्हणतात. तुला सगळ्यांच्या आधी. कोणाला सांगायचं नाही." आणि डबा माझ्या दुसऱ्या हातात दिला.

स्वयंपाकघरात आबांची बायको चुलीपाशी बसलेली होती. मी तिच्या समोरून गेले. तिनं चुलीत फुंकर मारली. जाळ तर चांगला लागलेला होता.

बाहेर पोरींनी डबा हलवून पाहिला. आवाज नाही. गोड की तिखट? गोड, आबा हसून म्हणाले. पेढा? नाही. खोबऱ्याची वडी? नाही. घाऱ्या? नाही. एकेक पोरगी हरत गेली. माझी पाळी आली. डाव्या मुठीत ते केशरी काहीतरी चिकट झालं होतं.

मी म्हणाले, "जर्दाळू."

मी का बोलले, यावर मी आयुष्यभर विचार केला आहे. हुशारी दाखवायला नाही. मला 'कोणाला सांगायचं नाही' हे चांगलं ऐकू आलं होतं. म्हणूनच मी सांगितलं. माझ्याकडे त्या गोष्टीला दुसरा शब्दच नव्हता. आठ वर्षांच्या पोरीला जी फिर्याद करता येते ती मी केली होती, भर ओट्यावर, सगळ्या गावासमोर, एका शब्दात. मला वाटलं होतं आता कोणीतरी विचारील.

डबा उघडला. जर्दाळूच होते.

"ती मझार गयथी! तठेच डबा उघाडा व्हई तिनी!" आत गेले तेव्हा मीच डबा उघडला असणार, असं एक पोरगी ओरडली. मग सगळ्या ओरडल्या, "खाऊचोर! खाऊचोर!" आईनं माझी मूठ उघडली तर त्यात जर्दाळू. झालं. पुरावा सापडला. सालदाराची पोर, तिच्या घरात गुळाचा खडासुद्धा सणाला दिसतो, तिला जर्दाळू हे नाव ठाऊक कसं? सगळ्या शहाण्यांनी तिची मूठ पाहिली, तिच्या कानात ते नाव कोणी घातलं हे एकानंही विचारलं नाही. निवाडे करणाऱ्या पंचांपैकी तिघे तिथेच तंबाखू चोळत बसले होते. बैल कोणाच्या शेतात शिरला हे खुरांवरून ओळखणारी माणसं ती. खाऊचं नाव एवढ्याशा पोरीपर्यंत कसं पोचलं ते त्यांना कळलं नाही.

मग आईनं मान धरली, मग ते पाय, मग ती माफी. आणि मग आबांनी सर्वांत मोठी गोष्ट केली. म्हणाले, "पुढच्या वर्षी डबा हीच आणील. विश्वास टाकला की माणूस सुधारतो."

बाया म्हणाल्या, बघा, देवमाणूस. त्या रात्री बापाला जेवताना घास उतरत नव्हता, उपकारानं.

पुढच्या वर्षी डबा मीच आणला. त्याच्या पुढच्या वर्षीही. दोन्ही वर्षी मला आत काय आहे ते ठाऊक होतं आणि दोन्ही वर्षी ओट्यावर माझी पाळी आल्यावर मी म्हणाले, "फुटाणे." पोरी हसल्या. आबांनी कौतुकानं मान हलवली. पोर सुधारली. उत्तर माहीत असून चुकीचं सांगायचं हे मी तिथे शिकले, आणि ते शिक्षण शाळेतल्या कुठल्याही शिक्षणापेक्षा पक्कं बसलं. घरी येताना आई गल्लीच्या तोंडाशी उभी असायची. काही विचारायची नाही. माझा परकर, झंपर एकदा वरपासून खालपर्यंत बघायची आणि म्हणायची, "चाल, भाकर खाई ले."

नाव मात्र मला चिकटलं ते चिकटलंच. विहिरीवर, शेतात, शाळेत, खाऊचोर. माझ्या लग्नाच्या वेळी नवऱ्याकडच्या बायांना कोणीतरी मजा म्हणून तेही सांगितलं.

आता एक गोष्ट सांगते जी सांगताना मला माझीच किळस येते. माझ्या आधी दोन वर्षं गावात दुसरी एक खाऊचोर होती. लीला. आमच्या घरापासून तिसरं घर. तिनंही आबांच्या ओट्यावर पहिल्याच फटक्यात खाऊ ओळखला होता, तिलाही आईनं बडवलं होतं, तिलाही आबांनी माफ केलं होतं. 'खाऊचोर! खाऊचोर!' असं तिच्या मागे ओरडणाऱ्या पोरींत सगळ्यांत मोठा आवाज माझा होता. मी सहा वर्षांची होते, आवाज चांगला होता माझा. त्यानंतर दोन वर्षांनी कोठीच्या खोलीतून बाहेर येताना मला लीलाची आठवण यायला हवी होती. आली नाही. ती यायला पुढे पंधरा वर्षं लागली.

शाळा सातवीला सुटली आणि सोळाव्या वर्षी, बापाची इच्छा नसताना, मी धुळ्याला नर्सिंगच्या ट्रेनिंगला गेले. मामा धुळ्यात गिरणीत होता, त्यानं ते जमवलं. ट्रेनिंगच्या शेवटी मेट्रननं आम्हाला एकेक करून पुढे बोलावलं, बिल्ला द्यायला. "हात पुढे कर." मी हात पुढे केला, पण मूठ उघडेना. मेट्रन थांबली. मागच्या पोरी कुजबुजायला लागल्या. शेवटी तिनं बिल्ला माझ्या मुठीवर ठेवला आणि तो खाली पडला. ती म्हणाली, "फार माज आहे का तुला?" मला माज असता तर बरं झालं असतं.

मला आजही तळहातावर कोणी काही ठेवलेलं सहन होत नाही. देवळात प्रसाद मी पदरात घेते. नवरा म्हणतो तू स्वतःला फार समजतेस. माझ्या पहिल्या बाळंतपणानंतर त्यानं प्रेमानं धुळ्याच्या बाजारातून सुका मेवा आणला होता. पुडी सोडली आणि वर जर्दाळू दिसला. मी बाळ बाजूला ठेवलं आणि मोरीत जाऊन ओकले. तो गरीब घाबरला. त्यात त्याचा काही दोष नव्हता. मी त्याला सांगितलं, वास सहन झाला नाही. जर्दाळूला ओकारी येण्यासारखा वास नसतो. त्यालाही ते ठाऊक असणार, पण तो गप्प राहिला, कारण गप्प राहणं आमच्याकडे सगळ्यांनाच येतं. अळीमिळी गुपचिळी हा आमच्या लोकांचा खेळ नाही, धंदा आहे.

मी कोणाला माझ्या पाठीमागे बसू देत नाही. एसटीत शेवटच्या बाकावर बसते, धक्के खाते, पण पाठीमागे पत्रा लागतो. थोरल्या मुलीला तिच्या आजोबांनी मांडीवर घेतलं की मी काहीतरी काम काढून तिला हाक मारते. ते भले गृहस्थ आहेत. तरी मारते. आबांनी एका पोरीच्या वाट्याला जे दिलं ते तिच्या पोरीला, सासऱ्याला, नवऱ्याला सगळ्यांना थोडंथोडं वाटून गेलं.

माझी नेमणूक साक्रीकडच्या एका आरोग्य केंद्रात झाली. तिथे मला कळलं की मी काही जगावेगळी नाही. बाळंतपणाच्या टेबलावर बाई खोटं बोलत नाही, तिला तेवढी ताकद उरत नाही. एका बाईला कळा आल्या होत्या, तिनं माझं मनगट पकडलं आणि ती म्हणत राहिली, "काकाले मझार येऊ देऊ नका." बाहेर तर तिचा नवरा होता, काका कोणी नव्हता. काका मेला त्याला सहा वर्षं झाली होती. दुसरी एक जण तपासायला हात लावला की दगडासारखी ताठ व्हायची. मी सगळ्यांना बाहेर काढलं आणि फक्त विचारलं, "किती वर्षांची होतीस?" ती म्हणाली, "सात." कोण ते तिनं सांगितलं नाही, मी विचारलं नाही. कोणाचा मास्तर, कोणाचा मामा, कोणाचा महाराज, कोणाच्या शेजारचा. सगळे आबाच होते, नुसता वेष निराळा. आणि प्रत्येकीला वाटत होतं की हे आपल्या एकटीच्याच बाबतीत झालं. मलाही तसंच वाटत होतं.

बहात्तरच्या दुष्काळानंतर दोन वर्षांनी, पीक बरं आलं होतं तेव्हाची गोष्ट. आई आजारी म्हणून मी चार दिवसांची रजा घेऊन गावी आले होते. बाप गेला होता. भाऊ आबांकडे सालदार लागला होता, बापाच्या जागी. भावाची पोरगी मंदा, नऊ वर्षांची, तिच्यामुळे घरात जरा हसणं होतं. गुलाबाईचे दिवस होते. संध्याकाळी आईला जरा उतार होता, मी आणि ती आबांच्या घरासमोरच्या एका ओट्यावर शेंगा फोडत बसलो होतो. पलीकडे गाणी चालली होती. मी मान वर केली नाही. त्या ओट्याकडे मी बघत नसे. आत कोणाला पाठवलं तेही म्हणून मला दिसलं नाही.

मग ओळखायचा खेळ सुरू झाला. पेढा? नाही. रेवडी? नाही. बुंदी? नाही.

"अंजीर," एक आवाज आला. मंदाचा.

माझ्या हातातली शेंग तशीच राहिली. अंजीर हे नाव आमच्या घरात कोणी कधी उच्चारलं नव्हतं. डब्याचं झाकण उघडल्याचा आवाज आला आणि मग ते आलंच, पंधरा वर्षं जसंच्या तसं जपून ठेवलेलं. "खाऊचोर! खाऊचोर!" पोरी नव्या होत्या, गळे नवे होते. मला पहिल्यांदा लीला आठवली. मग लीलाच्या आधीची एक आठवली. मग माझ्यानंतरची. सगळ्या गावानं त्या पोरींची यादी ठेवली होती, दर दोन-तीन वर्षांनी नवं नाव घालून. गावाला ती यादी वाचता मात्र येत नव्हती, किंवा वाचायची नव्हती.

भाऊ धावत गेला. त्यानं मंदाची मान धरली. "आबासना पाय धर! धर!" आणि आरामखुर्चीतून तो आवाज आला, आता म्हातारा, जरा कापरा. "मारू नका पोरीला. लहान आहे. पुढच्या वर्षी डबा हीच आणील."

शब्दसुद्धा बदलले नव्हते मेल्यानं. एवढी वर्षं एकच भाषण. नवं तयार करायची गरजच कोणी पडू दिली नव्हती.

मी उठले. आईनं माझा पदर धरला. "काय करी राहिनी तू? उगी राह." मी पदर सोडवला आणि गल्ली ओलांडून त्या ओट्यावर चढले. मंदाचं डोकं आबांच्या पायापासून एक वीत अंतरावर होतं. मी भावाचा हात मानेवरून काढला आणि तिला उभं केलं. तिची डावी मूठ घट्ट मिटलेली होती.

मी सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, "मंदे, अंजीर हाई नाव तुले कोनी सांगं?"

हा एवढाच प्रश्न होता. पंधरा वर्षांपूर्वी कोणी मला तो विचारला असता तर.

मंदानं माझ्याकडे पाहिलं, मग खुर्चीकडे. "आबास्नी," ती म्हणाली.

मी आबांकडे वळले. पायापासून वर बघायची सवय होती, म्हणून प्रयत्नानं तोंडाकडे पाहिलं. एक म्हातारं तोंड, गालाला खळ्या, डोळ्यांत मोतीबिंदू. याला मी इतकी वर्षं भ्यायले होते.

"आबा," मी म्हणाले, "पोर चोर असेल तर चोरीच्या मालाचं नाव तिला आधी कोण शिकवतं?"

ते हसले. पंचांना दाखवतात तसं समजूतदार हसू. "नर्सबाई, तुमची तब्येत बरी दिसत नाही. दमलात. घरी जाऊन आराम करा."

"माझ्या वेळी जर्दाळू होता," मी म्हणाले. "तिसरीत होते मी. त्या कोठीच्या खोलीत. तुम्ही माझ्याकडून पाय धरून घेतले, ती माफी मी आज परत घेते."

भाऊ माझ्या अंगावर धावून आला. त्यानं हात उचलला होता. तेवढ्यात बायांच्या घोळक्यातून कोणीतरी बोललं. आवाज मोठा नव्हता.

"मना येळले हलवा व्हता. माहीमचा."

लीला. गावातच दिलेली, तीन पोरांची आई, तिची थोरली त्याच घोळक्यात टिपऱ्या धरून उभी होती. लीलानं पोरीचा हात पकडला होता आणि ती कोणाकडेच बघत नव्हती. तिच्यामागे आणखी एक बाई होती, माझ्याहून चार-पाच वर्षांनी लहान. ती म्हणाली, "पिस्ता." एवढंच. एका पन्नाशीच्या अक्कानं तोंडात पदर कोंबला आणि ती भिंतीकडे तोंड करून बसली. तिच्या वेळचा खाऊ काय होता ते तिनं सांगितलं नाही.

भावाचा हात खाली आला. आबा उठले, काठी शोधली आणि आत गेले. दार लावलं. त्यांची बायको आत चुलीपाशीच असणार.

इथे गोष्ट संपली असती तर तुम्हाला बरं वाटलं असतं. मलाही वाटलं असतं. पण दुसऱ्या दिवशी गावातले जाणते आमच्या घरी आले, चहा प्यायले आणि म्हणाले, झाकली मूठ सव्वा लाखाची, पोरीबाळींचंच नाव खराब होतं. मी म्हणाले, मूठ माझी आहे, उघडायची की झाकायची ते मी ठरवीन. ते उठून गेले. चहा संपवून गेले. मग मी पोलीस ठाण्यात गेले. हवालदारानं टोपी काढून डोकं खाजवलं आणि विचारलं, "बाई, एवढ्या वर्षांपूर्वीच्या सुक्या मेव्याची फिर्याद?" बाकावर बसलेले दोघं हसले. मी मंदाचं सांगितलं. तो म्हणाला, बापाला घेऊन या. तिचा बाप, माझा भाऊ, आला नाही. तो रात्रभर ओसरीवर बसून होता आणि म्हणत होता, "आबासशिवाय आपलं कोन शे?" मी त्याला म्हणाले, "तुनी पोर शे." त्यानं तोंड फिरवलं. महिनाभरात त्याची सालदारकी गेली आणि तो बायकोला आणि आईला घेऊन मजुरीला चाळीसगावकडे गेला. अजून माझ्याशी बोलत नाही.

आईला मी निघण्याआधी विचारलं. तुला ठाऊक होतं का? ती खाटेवर पडून होती. तिनं छपराकडे तोंड केलं. मग म्हणाली, "मी काय करती?" गल्लीच्या तोंडाशी उभी राहणारी बाई. काही करता येत नाही म्हणून परकर तपासणारी बाई. मला तिचा राग येतो आणि कीवही येते, दोन्ही एकाच वेळी, आणि कुठलं जास्त ते अजून ठरलेलं नाही. पण तिला मी माफ केलं असं मी म्हणणार नाही. माफ करणं हे काम आमच्या गावात फार स्वस्त झालेलं आहे.

आबा आणखी तीन वर्षं जगले. तिरडीला सगळं गाव होतं. शाळेच्या मोठ्या खोलीला त्यांचं नाव दिलं आणि त्यांचा फोटो लावला, टोपी घातलेला. पोरी त्या फोटोखाली बसून पाढे म्हणतात. मांजर डोळे मिटून दूध पितं म्हणतात. आमच्या गावात मांजरानं डोळे उघडे ठेवले होते, मिटले ते गावानं.

मंदा आता माझ्याकडे असते; चाळीसगावला जाताना वहिनीनं तिला माझ्याकडे आणून सोडलं. शाळेत जाते. कोणी काही देऊ केलं की आधी म्हणते, खाली ठेवा, मी घेईन. शिक्षिकेनं मला बोलावून सांगितलं, पोरगी उद्धट आहे. मी म्हणाले, हो, मीच शिकवलंय.

माझं काम गावोगाव फिरायचं असतं. लस टोचायची, पोरांची वजनं करायची. वजन करताना पोरगी माझ्याजवळ एकटी असते, आई जरा लांब उभी असते. मी तेव्हा हळूच विचारते, "कोणत्या घरी तुला एकटीनं जावंसं वाटत नाही?" काय झालं, कोणी केलं असलं काही विचारत नाही. फक्त घर. बऱ्याच पोरी हसतात आणि कोणतंच नाही म्हणतात. एखादी वजनकाट्याकडे बघत राहते. मग मी त्या घराच्या ओट्यावर जाऊन बसते. बसून राहते. पाणी मागते. घरच्या कर्त्या पुरुषाला त्याच्या नावानं हाक मारते आणि सांगते की मी दर आठवड्याला येणार आहे, आणि मला कशाबद्दल यायचं आहे ते त्याला ठाऊक आहे. पोरीच्या आईलाही सांगते, मान खाली घालू देत नाही. माझ्याविरुद्ध तीन वेळा वर तक्रारी गेल्या. दोन वेळा बदली झाली. जिथे बदली झाली तिथेही वजनकाटा होताच आणि तिथेही असं घर निघालं. अजून मला एकही गाव असं भेटलेलं नाही जिथे ते घर नव्हतं.

आणि भादव्याची पुनव आली की मी रजा टाकते. गावी जाते. मला कोणी घरात घेत नाही, लीला घेते. पोरींचा घोळका निघाला की आम्ही दोघी त्यांच्या मागे चालतो. ज्या घरी 'एकीनं आत या' अशी हाक येते त्या घरी आम्ही पायरीवरूनच सांगतो, डबा बाहेर आणा. कुरकुर करतात. रीत मोडली म्हणतात. मोडली. आम्हीच मोडली, आणि दरवर्षी येऊन मोडणार आहोत.

फुटाणे म्हणायचे दिवस गेले. मला कोणीही कुठल्याही ओट्यावर उभं करावं आणि विचारावं डब्यात काय आहे. मी पहिल्याच फटक्यात सांगेन. डबा कोणी भरला त्याचं नावही सांगेन.